कोड्यांची वाट

गावाचा वाङ्मयेतिहास बसून वाचण्यापेक्षा हिंडून सोडवावा, असे माझे मत आहे. म्हणून दिवाळीच्या सुटीत परभणीच्या मुलांना मी चार कोडी देतो. वाट त्यांनीच शोधायची.

पहिले: 'कॉलेजच्या पाटीवर कोणा कवीचे नाव?' उत्तर सोपे, बी. रघुनाथ. पण रोज ती पाटी पाहणाऱ्या कित्येकांना तो कवी होता हेच ठाऊक नसते!

दुसरे: 'पोटासाठी कारकुनी, जिवासाठी लेखणी, वर्षे मिळाली किती?' जन्म १९१३, मृत्यू १९५३. वजाबाकी होताच मुले हळहळतात. अवघी ४०!

तिसऱ्यासाठी आगगाडीने गंगाखेड गाठावे.

'दळण जात्यावर, ओठी देवाचे नाव;
ओळखा ती कोण, गोदाकाठी गाव.'

जनाबाई!

चौथे मोठ्यांनाही अडवते: 'नामदेवांची नरसी कोणत्या जिल्ह्यात?' आजोबा म्हणतात परभणी, नातू म्हणतो हिंगोली. १ मे १९९९ रोजी हिंगोली जिल्हा वेगळा झाला. तेव्हा दोघांचेही खरेच. त्या वादात फराळाच्या ताटाभोवती नामदेव-जनाबाईंच्या गोष्टी निघतात. मला तेच हवे असते. पाटीवर नाव राहते. त्यामागचा माणूस मात्र कोणी विचारले तरच राहतो.