सशाचे ‘टाच टेकून’ बसणे
* टाच टेकून : लेखकाचे हे शब्द अक्षरशः घ्यायचे आहेत. ससा स्वस्थ बसतो तेव्हा मागच्या पायाचा बोटांपासून टाचेपर्यंतचा सगळा लांब तळवा जमिनीला लागलेला असतो; पुढचे पाय मात्र बोटांवरच टेकतात. पाय मागे जिथे दुमडतो तो सांधा पुष्कळांना उलटा गुडघा वाटतो. ती टाच आहे. खरा गुडघा वर, पोटाजवळच्या केसांत दडलेला असतो. ससा पळू लागला की टाच उचलली जाते, मागचा पायही बोटांवर येतो आणि ते लांब पाऊल तरफेसारखे जमीन रेटते. ओल्या मातीतले ठसे जरूर पाहावेत: पुढच्या पायांचे दोन लहान ठसे एकामागे एक, मागच्यांचे दोन लांबट ठसे जवळजवळ शेजारी, आणि तेही पुढच्या पायांच्या पुढे! नवख्याला सशाची दिशाच उलटी वाटते.

कुत्र्यामांजरासारखी गादी सशाच्या तळव्याला नसते. दाट केस हेच त्याचे अस्तर. पुढे पाच, मागे चार नख्या. मातीत त्या रुततात, गुळगुळीत फरशीवर मात्र पाय फाकतात. जाळीच्या तळाच्या पिंजऱ्यात वजन टाचेखालच्या अरुंद पट्टीवर येते, केस झडतात, कातडी सोलवटते, जखम चिघळते. रेक्स जातीच्या सशांचे केस आखूड, त्यांना हा त्रास लवकर होतो. मूळ मजकुरात पिंजऱ्याची लांबी-रुंदी आहे, तळाविषयी काही नाही, म्हणून इथे नोंदवतो: तळ सलग हवा आणि त्यावर गवताचा जाड, कोरडा थर हवाच. — संपा.