तेरवीनंतरचा अर्ज

घरचा कर्ता सरकारी नोकरीत असताना गेला, की आपल्याकडे तेरवीच्या पंगती उठता उठता एक प्रश्न हमखास निघतो : "अर्ज कोणाच्या नावानं करायचा?" वडील शिक्षक असोत, पटवारी असोत की कचेरीतले बाबू, पांढुर्णा-सौंसरच्या जुन्या नोकरदार घरांत हा प्रश्न कधी ना कधी ऐकलेला असतो. आम्हीही ऐकला आणि त्याच अर्जावर आज वीस वर्षांहून अधिक काळ राज्य शासनाची भाकर खात आहोत. म्हणून या अनुकंपा नियुक्तीचा इतिहास स्मरणिकेत मांडावासा वाटला.

बापाचे काम मुलाकडे जाणे आपल्या मातीत नवे नव्हे. पाटीलकी, कुळकर्ण ही पिढीजातच. आपल्या राज्यात कोटवार नेमताना आधीच्या कोटवाराच्या जवळच्या नातलगाला झुकते माप देण्याची तरतूद नियमांत आहे. पण 26 जानेवारी 1950 ला राज्यघटना लागू झाली आणि तिच्या 16 व्या अनुच्छेदाने सांगितले, की सरकारी नोकरीत वंशावरून भेद करता येणार नाही. पुढे महाराष्ट्राने 1962 च्या कायद्याने महसुली पाटलाचे पदच काढून टाकले. वतन गेले, वतनाची सवय मात्र आपल्या मनातून गेली नाही.

याचा उलगडा सर्वोच्च न्यायालयाने 1994 साली उमेशकुमार नागपाल विरुद्ध हरियाणा राज्य या खटल्यात केला. ही नोकरी वारसा नव्हे. कमावता माणूस अचानक गेल्याने घरावर जे संकट कोसळते, त्यातून ते घर तरून जावे एवढाच तिचा हेतू. म्हणून ती तृतीय आणि चतुर्थ श्रेणीच्या पदांपुरतीच, आणि तीही वेळेत. बापाचे पद केवढे मोठे होते याचा तिच्याशी संबंध नाही.

आपल्या भागाची गोष्ट आणखी थोडी निराळी. 1 नोव्हेंबर 1956 ला विदर्भाचे आठ जिल्हे मुंबई राज्यात गेले, आपण मध्य प्रदेशात राहिलो, राजधानी नागपूरहून भोपाळला गेली. सोयरिकी काटोल-नरखेडच्या, फायली हिंदीतल्या. तिकडच्या भाच्याचे नाव महाराष्ट्राच्या प्रतीक्षासूचीत लागते. आपल्याकडे 29 सप्टेंबर 2014 च्या परिपत्रकाप्रमाणे मृत्यूपासून सात वर्षांची मर्यादा. शिवाय बाबूच्या पदाला हिंदी टंकलेखन हवे. घरात मराठी बोलणारी आपली पोरे तिथे अडखळतात. (आम्हीही अडखळलो होतो. 'है' आणि 'हैं' यांतला फरक आमच्या बोटांना फार उशिरा कळला.)

वडील गेले तेव्हा आमचा पॉलिटेक्निकचा डिप्लोमा नुकताच हाती आला होता. ताई आमच्याहून तीन वर्षांनी मोठी, बी.ए. झालेली, अक्षर मोत्यासारखे. आमचा अर्ज तिनेच लिहिला. इतर वारसांचे संमतीचे शपथपत्रही तिच्याच अक्षरात, खाली तिचीच सही. तिचे नाव अर्जात घालावे असे आईला सुचले नाही, काकांना नाही आणि खरे सांगायचे तर आम्हालाही नाही. तिचे लग्न ठरायचे होते, एवढे कारण सगळ्यांना पुरले. पुढे सिल्लेवानी घाटातून छिंदवाड्याच्या किती खेपा झाल्या, एका कार्यालयात आमची फाइल वर्षभर कशी पडून राहिली, ते इथे सांगत बसत नाही. कुटुंबातल्या बाकीच्यांचा सांभाळ करीन, असे आम्हीही लिहून दिले होते. आईला सांभाळले. ताईच्या वाट्याला दर दिवाळीची साडी आली.

2014 च्या परिपत्रकातही मृताच्या पत्नीने वा पतीने नाव द्यायचे ते मुलाचे किंवा अविवाहित मुलीचे. विवाहित मुलीला वाव होता, पण मृताला फक्त मुलीच असतील तेव्हा. 2 मार्च 2020 ला मध्य प्रदेश उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने ही अट विवाहित मुलींचा विचारच होऊ देत नाही, तेवढ्यापुरती ती समानतेच्या हक्काविरुद्ध ठरवली. लागलीच कोरोना आला. 2021 च्या दुसऱ्या लाटेत गेलेल्यांसाठी शासनाने वेगळी अनुकंपा योजना काढली. त्या उन्हाळ्यात तेरवीला पंगतीही बसल्या नाहीत. तो जुना प्रश्न लोकांनी फोनवरच विचारला.

ऑक्टोबर 2023 पासून पांढुर्णा स्वतःच जिल्हा आहे. आता घाट चढावा लागत नाही. ओळखीतले लोक कागद दाखवायला आमच्या घरीच येतात. संमतीच्या शपथपत्रावर बहुधा बहिणींच्या सह्या आधीच झालेल्या असतात. बहीण सोबत असली, तर आम्ही तिला कागद पुन्हा वाचायला देतो आणि तुला स्वतःला नोकरी नको आहे का, असे विचारतो. बहुतेक जणी हसतात आणि भावाकडे बघतात. गेल्या पोळ्याच्या आधी एक जण हसली नाही. तिने कागदाची घडी घातली, पर्समध्ये ठेवली आणि म्हणाली, "काका, उद्या येते."