आधी अपील, मग कोर्ट

महसुली अधिकाऱ्याच्या हुकमाने नुकसान झाले तरी रयतेला तडक दिवाणी कोर्टाची पायरी चढता येऊ नये, ही तजवीज मुंबई इलाख्यात 1876च्या महसूल अधिकारक्षेत्र कायद्याने पक्की केली. त्याच्या 11व्या कलमाप्रमाणे, करता येण्याजोगी सगळी अपिले करून झाली हे आधी सिद्ध केल्याशिवाय सरकारवरचा दावा चालत नसे. पण त्याच कलमाने हेही सांगितले, की दाव्याची मुदत संपण्याआधी जी करणे शक्य होते तेवढीच अपिले मोजायची. 1879च्या जमीन महसूल कायद्यात अपिलाला कलेक्टरच्या खालच्या हुकमावर 60 दिवस, एरवी 90 दिवस मिळत. अर्जाला हुकमाची नक्कल जोडावी लागे, आणि ती तयार होण्यात गेलेले दिवस मुदतीतून वजा होत. दप्तरातल्या दिरंगाईचा भुर्दंड खातेदाराला नको, एवढे वसुलीला कडक असलेल्या परक्या सरकारलाही मान्य होते.

खोट होती ती अपील ऐकणाऱ्यात. मामलेदाराच्या वर प्रांत, प्रांताच्या वर कलेक्टर. वसुलीला जबाबदार तेच आणि न्याय देणारेही तेच. मुंबई शहरासाठी 1888च्या महापालिका कायद्याने निराळी वाट काढली. घराच्या करपात्र मूल्याबद्दलची तक्रार आधी म्युनिसिपल कमिशनरकडे, पण त्यापुढचे अपील स्मॉल कॉजेस कोर्टाच्या मुख्य न्यायाधीशाकडे. पुढची पायरी पालिकेच्या कचेरीबाहेर असल्यामुळे पहिली चढायला लावण्यात मला अन्याय दिसत नाही.

जागेची माहिती अधिकाऱ्यालाच असते आणि कोर्टांवर आधीच बोजा आहे, असा आक्षेप येतो. तो खराच आहे. चाळीतल्या खोलीचे भाडे किती, बांध कुठून जातो, हे हायकोर्टाने का शोधत बसावे? मात्र त्यातून अधिकाऱ्याला पहिली चौकशी मिळते, शेवटचा शब्द नव्हे. पर्यायी उपाय आधी वापरावा हा धोरणाचा आणि विवेकाचा नियम आहे, अटळ बंधन नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने मोहम्मद नूह खटल्यात म्हटले होते. तरीही 1976च्या 42व्या घटनादुरुस्तीने, मूलभूत हक्कांचे प्रश्न वगळता, अपिलाची सोय असेल तिथे हायकोर्टाचे दार बंद केले. 1978च्या 44व्या दुरुस्तीने ती बंदी काढून टाकली. पुढे 1998मध्ये व्हर्लपूल खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने अपवाद स्पष्ट केले: अधिकारच नसताना काढलेला हुकूम किंवा बाजू न ऐकता दिलेला निर्णय असेल, तर अपिलाची सोय असूनही हायकोर्टात जाता येते.