सुप्यात जाळलेली खतं आणि कलम १४

एखादी कंपनी दिवाळखोरीच्या प्रक्रियेत गेली, की २०१६ च्या इन्सॉल्व्हन्सी अँड बँकरप्सी कोडचं कलम १४ लागू होतं. मग तिच्यावर पैशांचा नवा दावा लावता येत नाही, चालू दावा थांबतो आणि हातात कोर्टाचा हुकूमनामा असला तरी वसुली होत नाही. पगार थकलेला इंजिनिअर असो की माल पुरवून बिलाची वाट बघणारा छोटा कारखानदार, दोघंही एकच म्हणतात: पैसे बुडवणाऱ्यालाच संरक्षण?

प्रश्न रास्त आहे. पण ऋणकोला अर्धवट संरक्षण दिलं की काय होतं, हे बारामती-इंदापूर भागाने दीडशे वर्षांपूर्वी बघितलंय.

इंग्रजांनी मुंबई इलाख्यातल्या नव्या महसूल पाहणीची सुरुवात १८३६ च्या सुमारास इंदापूर तालुक्यातून केली आणि साऱ्याचे दर ३० वर्षांसाठी बांधून दिले. पुढे १८६१ ला अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं, कापसाचे भाव चढले आणि सावकार सढळ हाताने कर्ज देऊ लागले. १८६५ ला युद्ध संपलं, भाव कोसळले. त्यातच ३० वर्षांची मुदत संपून सारा वाढला. थोडक्यात, उत्पन्न खाली आणि हप्ते वर.

आता गंमत कायद्याची बघा. १८५९ च्या मुदतीच्या कायद्याने नोंदणी न केलेल्या खतावर दावा लावायला फक्त ३ वर्षं दिली. हेतू चांगला होता: जुनी खतं उकरून शेतकऱ्याला छळता येऊ नये. झालं उलटंच. मुदत संपत आली की सावकार म्हणायचा, व्याज मुद्दलात धरून नवं खत लिहून दे, नाहीतर दावा लावतो. दावा लागला की शेतकरी कोर्टात हजरच नसायचा आणि एकतर्फी हुकूमनामा व्हायचा. त्यावर जमीन जाई, तुरुंगही घडे.

१२ मे १८७५. सुपे, आज बारामती तालुक्यात, तेव्हा भीमथडीत. बाजाराचा दिवस. जमावाने सावकारांची घरं-दुकानं फोडली आणि खतं, वह्या जाळल्या. हे लोण पुणे आणि नगर जिल्ह्यांत पसरलं. माणसांवर हल्ले तुलनेने कमी झाले. राग होता तो कागदावर.

चौकशी आयोग बसला आणि १८७९ चा डेक्कन अ‍ॅग्रिकल्चरिस्ट्स रिलीफ अ‍ॅक्ट आला. शेतकऱ्याला कर्जापायी तुरुंग बंद. कोर्टाने खतावर विसंबायचं नाही, व्यवहार मुळापासून तपासायचा. ५० रुपये किंवा जास्त कर्ज असलेल्या शेतकऱ्याला दिवाळखोरीचा अर्ज करायची सोय. आणि दावा लावायची मुदत वाढवली, म्हणजे सावकाराला घाई करायचं कारणच उरू नये! अर्थात सावकारांनीही पळवाट काढली. कर्जाऐवजी जमिनीचं खरेदीखतच लिहून घ्यायला लागले.

कंपन्यांच्या बाबतीत हाच धडा आपण पुन्हा गिरवला. १९८५ च्या आजारी उद्योगांच्या कायद्यात कलम २२ ने वसुली थांबायची, पण कारभार बहुधा जुन्याच मालकांकडे राहायचा आणि प्रकरणं वर्षानुवर्षं रेंगाळायची. आताच्या कोडमध्ये वसुली थांबते तेव्हा संचालक मंडळाचे अधिकारही जातात, कारभार रिझोल्यूशन प्रोफेशनलकडे येतो. आणि कलम ६०(६) प्रमाणे दावे थांबलेला काळ मुदतीत धरला जात नाही. साध्या उधारीला आजही मुदत ३ वर्षांचीच आहे, त्यामुळे ही तरतूद महत्त्वाची.

पण म्हणून स्वस्थ बसू नका. रिझोल्यूशन प्रोफेशनलकडे आपला क्लेम वेळेत दाखल करायलाच हवा. कारण कंपनीचा आराखडा मंजूर झाला, की त्यात नसलेले जुने दावे संपतात. सुप्रीम कोर्टाने २०२१ साली हे स्पष्ट केलंय. सुप्यात खतं जाळावी लागली. इथे क्लेम दाखल केला नाही, तर तुमचं बिल न जळताच रद्दी होतं.