मिथ्रिल: एका धातूचा उदयास्त

मंडळी, आज इतिहास आहे, पण कधीच न घडलेला. जे. आर. आर. टॉल्किनच्या मिडल-अर्थमधल्या मिथ्रिल नावाच्या धातूचा. 'याला इतिहास कशाला म्हणायचं?' असं कुणी विचारेल. पण या गृहस्थाने 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'च्या (१९५४-५५) शेवटी परिशिष्टांत हजारो वर्षांची सनावळी देऊन ठेवली आहे. शाळेच्या पुस्तकातही एवढे सन पाठ करावे लागले नव्हते! तेव्हा तिचा जरा उपयोग करू.

आधी धातूची ओळख. मिथ्रिल म्हणजे एल्फ लोकांच्या भाषेत 'करडी चमक'. दिसायला चांदी, पण कधी काळा पडत नाही. ठोकून हवा तसा आकार देता येतो, आणि ड्वार्फ कारागिरांच्या हाती पडला की वजनाला हलका, तरी पोलादाहून कठीण. एल्फ त्यापासून 'इथिल्डिन' बनवत. त्याने काढलेली नक्षी फक्त चंद्र-ताऱ्यांच्या उजेडात दिसायची. गंमत म्हणजे १९३७ च्या 'हॉबिट'मध्ये मिथ्रिल हा शब्दच नाही. बिल्बोला मिळालेलं चिलखत तिथे मुलामा दिलेल्या पोलादाचं आहे. मिथ्रिल आलं १९६६ च्या सुधारित आवृत्तीत. म्हणजे लेखकाने जुन्या व्हर्जनला चक्क पॅच मारला!

हा धातू सापडायचा कुठे? गँडाल्फ सांगतो, अख्ख्या जगात फक्त मोरियात. (टॉल्किनच्या मृत्यूनंतर, १९८० साली आलेल्या 'अनफिनिश्ड टेल्स'मधल्या एका टीपेत न्यूमेनॉर बेटाचंही नाव आहे, पण ते बेट तर समुद्रात बुडालं.) म्हणजे एकच पर्वत, त्यातली एकच शीर, आणि ती उत्तरेकडे अंधारात खोल खोल जाणारी. सोनं, रत्नं, लोखंड ड्वार्फांना व्यापारातूनही मिळू शकत होतं. मिथ्रिल मात्र फक्त त्यांच्याकडे. भाव सोन्याच्या दसपट.

आता सनावळी बघा. दुसऱ्या युगाच्या ७५० च्या सुमारास एल्फ कारागीर मोरियाच्या शेजारी एरेगिऑनला येऊन वसले, ते या धातूच्या ओढीने. एल्फ आणि ड्वार्फ यांचं जमलं, असा दुर्मिळ काळ तो. मोरियाच्या पश्चिम दरवाजाचं काम ड्वार्फ नार्वीचं आणि त्यावरची अक्षरं एल्फ केलेब्रिंबोरची. पण कारागीर एकत्र आले की हुन्नर वाढतो, आणि हुन्नर वाढला की त्यावर डोळा ठेवणाराही येतो. १५०० च्या सुमारास सॉरॉनच्या शिकवणीखाली अंगठ्या घडू लागल्या आणि १६९७ मध्ये एरेगिऑन बेचिराख झालं. म्हणजे ज्या अंगठीवरून पुढे तीन जाडजूड खंड झाले, तिच्या मुळाशीही कुठेतरी ही खाण आहेच.

मोरियाचे दरवाजे बंद झाले, ड्वार्फ वाचले आणि खणत राहिले. तिसऱ्या युगाच्या १९८० साली खालून बॅलरॉग वर आला. राजा ड्युरिन सहावा मारला गेला, पुढच्या वर्षी त्याचा मुलगा नाइन, आणि उरलेले पळाले.

लोक याला 'हावरटपणाची शिक्षा' म्हणून मोकळे होतात. मला ते अर्धंच पटतं. यासाठी एक खराखुरा धातू घेऊ: अॅल्युमिनियम. तोही हलका, पांढराशुभ्र आणि एकेकाळी दुर्मिळ. १८२५ मध्ये डेन्मार्कच्या अर्स्टेडने तो प्रथम वेगळा केला. १८८४ मध्ये वॉशिंग्टन स्मारकाच्या टोकावर मानाने बसवला तो जेमतेम पावणेतीन किलोचा तुकडा. आणि १८८६ मध्ये अमेरिकेत हॉल आणि फ्रान्समध्ये एरू, दोघंही १८६३ चे, या दोन पोरांनी स्वतंत्रपणे विजेने तो काढायची स्वस्त पद्धत शोधली. भाव कोसळला. आज आपण त्यात पोळ्या गुंडाळतो.

फरक कळला? अॅल्युमिनियम पृथ्वीच्या कवचात सुमारे आठ टक्के आहे. टंचाई धातूची नव्हती, पद्धतीची होती. अशी टंचाई डोकं चालवून संपते. मिथ्रिलचं उलटं. पद्धत ड्वार्फांना उत्तम येत होती, टंचाई दगडाचीच होती. तिथे कितीही हुशार कारागीर असला तरी उपाय एकच, अजून खाली जा. 'थांबूया' म्हणणाऱ्याने काय सांगायचं? जे फक्त आपल्याकडे आहे ते सोडून चारचौघांसारखं व्हायचं? आपल्या भाषेत 'सिंगल पॉइंट ऑफ फेल्युअर'. पण तोच त्यांचा एकमेव 'यूएसपी'सुद्धा होता.

पुढची गोष्ट ठाऊक असेलच. २९८९ साली बालिन मोरिया परत घ्यायला गेला आणि पाच वर्षांत संपला. ऑर्कांनी गोळा केलेलं मिथ्रिल सॉरॉनकडे खंडणी म्हणून गेलं. आणि अख्ख्या शायरहून महाग असलेलं बिल्बोचं चिलखत बरीच वर्षं गावच्या वस्तुसंग्रहालयात धूळ खात पडलं होतं. पुढे तेच फ्रोडोच्या अंगात होतं म्हणून तो भाल्यातून वाचला, तेही नेमका मोरियातच.

युद्धानंतर गिम्लीच्या लोकांनी मिनास तिरिथचा नवा दरवाजा पोलाद आणि मिथ्रिलचा घडवला. तोवर मोरियातली खाण बंद पडून हजार वर्षं झाली होती, कसब मात्र पिढ्यान्‌पिढ्या हातात टिकलं होतं. डोंगर गेला तरी ड्वार्फ कारागीर राहिले, हे मला या इतिहासातलं सगळ्यात मोठं वाटतं.

आपण आयटीवाले एखाद्या टेक्नॉलॉजीच्या शिरेमागे वर्षानुवर्षं खणत असतो. मार्केटमध्ये भाव आपल्याला आहे की त्या शिरेला, हे अधूनमधून तपासून बघायला हरकत नाही. तुम्हाला काय वाटतं?