पैजेच्या मिरचीची कुळकथा

एप्रिल-मेमध्ये लालबागच्या मिरची गल्लीत शिरलं की आधी ठसका लागतो, मग दुकानं दिसतात. मसाला करायला आलेली बाई मिरची मोडून बघते: बी किती, साल कशी, बोटाला रंग किती लागतो. बेडगी रंगाला, लवंगी झणक्याला, संकेश्वरी दोन्हीला. मग डेठं खुडायची, ऊन दाखवायचं आणि धणे, खड्या मसाल्यासकट डंकावर कुटून आणायचं. गिरण्यांत कामाला आलेल्या कोकणी आणि घाटावरच्या माणसांनी आपापल्या गावचं प्रमाण इथे आणलं. ते घरातल्यांच्या जिभेवर ठरे; तिखटाला आकडा नव्हता.

खुद्द मिरची पोर्तुगिजांबरोबर सोळाव्या शतकात गोव्यात उतरली. त्याआधी आपला झणका मिरी-पिंपळीचा. आकडा मात्र 1912चा, अमेरिकेतला. विल्बर स्कोविल हा औषध कंपनीतला माणूस मिरचीचा अर्क साखरेच्या पाण्यात पातळ करत जाई, चाखणाऱ्यांना तिखट लागेनासं होईपर्यंत; जितके पट पातळ, तितका मिरचीचा आकडा. मोजायचं होतं औषधासाठी, पण मोजमाप आलं की चढाओढ आलीच. बेडगी काही हजारांत मोजतात. 2007मध्ये गिनीजने नोंदवलेली आपल्या ईशान्येची भूत जोलोकिया दहा लाखांवर गेली, 2013मध्ये कॅरोलिना रीपर आली आणि 2023मध्ये पेपर एक्स, 26 लाख 93 हजारांची. ती पिकवणारा एड करी स्वतः ती खाऊन साडेतीन तास भाजत होता, वर पोटात कळा.

मिसळीवर जादा कट मागून पैज लावणारे आपल्याकडेही आहेत. पण तिथे मटकी, फरसाण, पाव सांभाळून घेतात. नव्या पैजेत नुसती मिरची आणि समोर मोबाइल. हा मला शुद्ध आचरटपणा वाटतो. मिरचीला तिखट करणारं कॅप्सेसिन उष्णता ओळखणाऱ्या मज्जातंतूंना फसवतं. भाजलेलं नसताना मेंदू भाजलं म्हणतो. शरीराचे हाल मात्र खरे. अमेरिकेत रीपर खाण्याच्या स्पर्धेनंतर 34 वर्षांच्या एकाचं डोकं पुढचे काही दिवस राहून राहून असह्य ठणकलं. मेंदूच्या रक्तवाहिन्या आकसल्या होत्या. हे 2018मध्ये वैद्यकीय नियतकालिकात छापून आलं. भूत जोलोकियाचा लगदा लावलेला बर्गर खाल्लेल्या दुसऱ्याची अन्ननलिका उलट्यांच्या जोराने फाटली.

कॅप्सेसिन पाण्यात विरघळत नाही, म्हणून घटाघटा पाणी पिऊन काही होत नाही. दूध-दह्याने तोंड निवतं, पोट नाही. छातीत किंवा डोक्यात अचानक जबर कळ आली तर ताक शोधत बसू नये. लालबागहून केईएम रुग्णालय जवळ आहे.