वतन, वेतन आणि युद्ध : डॉ. आंबेडकरांचा अर्थविचार

नीरेच्या दक्षिण तीरावरील शिरवळ हे नाव इतिहासाभ्यासकांस परिचित आहे ते सुभानमंगळाच्या झुंजीमुळे. परंतु झुंजीच्या वृत्तांताइतकेच महत्त्व गावगाड्याच्या वतनी कागदांस आहे. महारवतनाचे मान व हक्क त्यांत सविस्तर आढळतात. त्या मानामागील दारिद्र्याचा हिशेब डॉ. भीमराव आंबेडकरांनी मांडला, त्याचा येथे थोडक्यात परामर्श घेऊ.

डॉक्टरांचे बालपण याच जिल्ह्यात, साताऱ्यास गेले. पिता रामजी लष्करात सुभेदार. शिपाईगिरी व वतन ही त्यांच्या समाजाची दोन जीवनसाधने. पैकी पहिलीचे द्वार इंग्रज सरकारने एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस लावून घेतले होते.

१९१८ साली रसेल यांच्या ग्रंथाचे परीक्षण करताना त्यांनी शक्तीचा विधायक उपयोग व हिंसा यांत भेद केला. निष्क्रियता म्हणजे शांती नव्हे, आणि दोष संपत्तीत नसून तिच्या विषम वाटणीत आहे, ही त्या लेखातील दोन सूत्रे होत. पुढील कार्य हे जणू त्यांचेच भाष्य होय.

१९२८ साली त्यांनी मुंबई कायदेमंडळात वतनसुधारणेचे विधेयक आणले. वतनदाराचे सारे कुटुंब अहोरात्र सरकारी कामास बांधलेले, मोबदला मात्र नाममात्र, हे त्यांनी दाखविले. १९३७ साली खोतीनिर्मूलनाचे विधेयक आले. १९३८ साली संपाचा हक्क संकुचित करणाऱ्या विधेयकाविरुद्ध त्यांनी मुंबईच्या कामगारांस संप करविला.

दुसऱ्या महायुद्धात त्यांनी नाझीसत्तेच्या पराभवाचा पुरस्कार केला. १९४१ साली महार पलटण उभी राहिली व १९४२ साली ते मजूरमंत्री झाले. तथापि केवळ विजय त्यांस पुरेसा नव्हता. युद्धान्ती समतेवर आधारलेली नवी समाजरचना हवी, असे त्यांनी नभोवाणीवरून सांगितले. १९४७ च्या निवेदनात तिचे स्वरूप स्पष्ट झाले: शेती व मूलोद्योग राज्याच्या मालकीचे, विमा सक्तीचा, आणि ही व्यवस्था घटनेतच ग्रथित. घटनेत ती योजना उतरली नाही. महारवतनही कायद्याने रद्द झाले ते १९५६ साली डॉक्टरांचे निधन झाल्यानंतर.

तात्पर्य, रणांगण, शेत व गिरणी हे त्यांच्या दृष्टीने एकाच प्रश्नाचे तीन प्रांत होते: श्रम कोणाचे व फळ कोणास? वतनी कागद वाचताना आम्ही मानपानाची यादी उतरून घेतो. तिच्याशेजारी मजुरीचाही रकाना मांडल्यावाचून गावाचा इतिहास पुरा होत नाही.